गोष्ट वाचायला बसण्याआधी

आठवडाभर रोज मुलांना पुस्तकं वाचून दाखवायचं तुम्ही कबूल केलंय: गोष्टी, एखादी शाळेतल्या साहसाची कथा, आणि रात्री झोपताना कविता. समोर बसणारी मुलं तऱ्हेतऱ्हेची असतील. कुणी व्हीलचेअरवर असेल, कुणी कमी ऐकणारं, कुणाला अजिबात दिसत नसेल, कुणी पाच मिनिटंही एका जागी न टिकणारं. तेव्हा तयारीला किमान तीन आठवडे हाताशी ठेवा. पुस्तकं दोन दिवसांत गोळा होतात, पण त्यातली निम्मी बाजूला काढायला खरा वेळ लागतो.

सुरुवात पेन्सिल घेऊन करा. ज्या पुस्तकात अपंग मूल आहे त्यातली त्या मुलाची फक्त क्रियापदं कागदावर उतरवा. ‘बसली, हसली, बघत राहिली, आभार मानले’ एवढीच निघाली तर पुस्तक परत ठेवा. ‘लपवलं, भांडली, चुकली, शोधून काढलं, खोटं बोलली’ अशी निघाली तर ते यादीत घ्या. ही चाळणी मला उशिरा सापडली. एकदा मी भर वर्गात एक कौतुकाची गोष्ट वाचत होते. तिच्यातली सगळी मुलं व्हीलचेअरवरच्या मुलीशी प्रेमानं वागायला शिकतात आणि ती मुलगी मात्र शेवटपर्यंत काहीच करत नाही. वाचताना मान वर केली, तर अख्खा वर्ग एका मुलाकडे वळून बघत होता आणि तो खाली मान घालून खुर्चीच्या चाकावर बोट फिरवत होता. चूक माझी होती. मी ती गोष्ट आधी नीट वाचलीच नव्हती.

क्रियापदांनंतर शेवट तपासा. चांगलं वागल्याचं बक्षीस म्हणून मूल अचानक चालू लागतं किंवा त्याला दिसू लागतं, असा शेवट असेल तर नको. गोष्टीतला दुष्ट माणूसच लंगडा किंवा एकडोळा असेल तर तेही नको. मग चित्रं बघा. श्रवणयंत्र एका पानावर दिसतं आणि पुढे गायब होतं का? व्हीलचेअर रुग्णालयातली वाटते, की रोज वापरून त्या मुलाच्या अंगवळणी पडलेली? ते मूल प्रत्येक चित्रात कडेलाच उभं आहे का? अमेरिकेतल्या अभ्यासक रुडीन सिम्स बिशप यांनी १९९० साली मांडलं होतं की पुस्तक मुलासाठी दुसऱ्याचं जग दाखवणारी खिडकी असतं, स्वतःला दाखवणारा आरसा असतं आणि त्या जगात पाऊल टाकू देणारं सरकतं काचेचं दारही असतं. ‘समावेशक’ म्हणून मिळणारी पुष्कळ पुस्तकं नुसत्या खिडक्या असतात. इतर मुलांनी आत डोकावायचं, आणि आतल्या मुलानं बघू द्यायचं. म्हणून प्रत्येक पुस्तकाला विचारा, यात आरसा कुणाला मिळतो?

ब्रेल प्रती लागणार असतील तर त्यांची मागणी सगळ्यात आधी नोंदवा. सहा ठिपक्यांची ही लिपी लुई ब्रेल यानं वयाच्या पंधराव्या वर्षी, १८२४ मध्ये तयार केली. पण ती जागा खूप घेते. छापील पातळ पुस्तकाचे ब्रेलमध्ये जाड खंड होतात आणि तयार करायला वेळ लागतो. २०१३ च्या मराकेश करारामुळे तो मानणाऱ्या देशांत मान्यताप्राप्त संस्थांना अशा प्रती प्रत्येक वेळी प्रकाशकाची परवानगी न घेता करता येतात, त्यामुळे चौकशी अंधांसाठीच्या ग्रंथालयापासून सुरू करा. चित्रांचं वर्णन मात्र तुम्हालाच करायचंय. ते दोन-दोन वाक्यांत आधी लिहून पानाला चिकटवून ठेवा, आयत्या वेळी सुचत नाही. गोष्टीतल्या चार वस्तू एका पिशवीत भरून घ्या. किल्ली, लोकरीचा मोजा, शिट्टी, काहीही चालेल. पिशवी सगळ्याच मुलांमध्ये फिरू द्या.

जागा आदल्या दिवशी बघून या. खिडकी तुमच्या पाठीमागे नको. उजेड चेहऱ्यावर पडला तरच ओठ वाचता येतात. पुस्तक तोंडासमोर धरू नका. खुणांच्या भाषेत सांगणारं कुणी शेजारी असेल, तर पान उलटल्यावर आधी थांबा, चित्र बघू द्या, मग वाचा. डोळे एकाच वेळी चित्रावर आणि हातांवर राहू शकत नाहीत. हे थांबणं सवयीचं होईपर्यंत घरी सराव करा. ज्यांना गोंगाट सोसत नाही त्यांच्यासाठी एक कोपरा मोकळा ठेवा. आज काय काय होणार ते चार चित्रांत काढून भिंतीवर लावा. उठून गेलेल्या मुलाला परत बोलावू नका. पाठ फिरवून बसलेलं मूलही ऐकत असतं. व्हीलचेअर वर्तुळातच येईल इतकी जागा सोडा, वर्तुळामागे नको.

शाळेतल्या साहसाची गोष्ट लांब असते, म्हणून घड्याळ लावून प्रत्येक प्रकरण मोठ्यानं वाचून बघा. पंधरा मिनिटांच्या पुढे जाणारं प्रकरण कुठे तोडायचं ते ठरवून खूण करा. दिवसा वाचत असाल तर गोष्टीतलं दार करकरतं तिथंच, उत्सुकता ताणलेली असताना थांबा, रात्री वाचत असाल तर ते दार बंद झाल्यावर. गोष्टीतल्या शाळेचा नकाशा मुलांबरोबर मोठ्या कागदावर काढायला घ्या. जिना कुठे, कुलूपबंद खोली कुठे, मागची भिंत कुठे, हे मुलं तुमच्याहून नेमकं सांगतात. हा नकाशा काढताना एक गोष्ट हमखास ध्यानात येते. गोष्टीतली मुलांची टोळी जिना चढून वर जाते आणि चालता न येणाऱ्या मित्राला खाली ‘पहाऱ्यावर’ ठेवते. अशी साहसकथा मला आता वाचवत नाही. तो मित्रही शोधात असला पाहिजे, निदान गुपित उलगडणारा धागा त्याच्या हाती लागला पाहिजे. तोतऱ्या किंवा जाड्या मुलावर हशा पिकवलेला असेल, तर ती ओळ गाळून काम भागत नाही, कारण तो सूर सगळ्या पुस्तकभर असतो. दुसरं पुस्तक घ्या. आणि वर्गात अचानक कुणालाही ‘आता तू वाच’ म्हणू नका. अक्षरं अडखळतात त्या मुलाची पुढची गोष्ट त्या भीतीतच जाते.

रात्रीच्या कवितांची तयारी डोळ्यांनी होत नाही, तोंडानंच करावी लागते. प्रत्येक कविता तीनदा मोठ्यानं म्हणा. जीभ जिथं अडते तिथं मूलही जागं होतं. आठ-आठ अक्षरांच्या ओळी श्वासाला सोयीच्या, ओवीची चाल त्याहून संथ. पहिली कविता थोडी खेळकर चालेल, पण पुढच्यांमध्ये हालचाल कमी होत जावी, आणि शेवटची रोज तीच असावी. कोड्यांच्या, प्रश्नांच्या कविता सकाळसाठी ठेवा, कारण मुलं उत्तर द्यायला उठून बसतात. अंगाई निवडताना ती कोण गातंय ते बघा. बहुतेक अंगायांत आईच असते, आणि आजीपाशी, बाबांपाशी किंवा वसतिगृहात झोपणारं मूल ती ऐकत असतं. चंद्र, पाऊस किंवा अंथरूणच बोलतं अशा दोन-तीन कविता जवळ असू द्या. वेळ उलटी मोजा. सहा ते बारा वर्षांच्या मुलांना ९ ते १२ तास झोप लागते, म्हणजे सकाळी साडेसहाला उठणाऱ्याची शेवटची कविता फार तर नऊला संपायला हवी. फोनवरून वाचू नका, कविता वहीत उतरवून घ्या.

दोन कविता पाठ असू द्या, दिवा घालवल्यावर त्याच कामाला येतात. कमी ऐकणारं मूल असेल तर मात्र दिवा घालवायचा नाही. ठेका पाठीवर हलक्या थापेनं द्यायचा आणि दिवा असा ठेवायचा की उजेड उशीवर न येता तुमच्या हातांवर पडेल. ती जागा आदल्या रात्रीच बघून ठेवा.