शेजारच्या हिरवळीवरचे गुलाबी फ्लेमिंगो

बॉस्टनच्या आसपास नवं घर घेतलंत की पहिल्याच उन्हाळ्यात कुणाच्या तरी हिरवळीवर, सळईच्या पायांवर उभे असलेले गुलाबी प्लास्टिकचे फ्लेमिंगो दिसतील. नाक मुरडू नका. मी मुरडलं होतं, तेही समोरच्या आजींच्या देखत. मग कितीतरी महिने आमचं बोलणं 'हाय'च्या पुढे सरकलं नाही. त्याची खंत मला आजही वाटते.

हा पक्षी आपल्याच मॅसॅच्युसेट्सचा. लेमिन्स्टर हे प्लास्टिकच्या कारखान्यांचं गाव. तिथल्या युनियन प्रॉडक्ट्समध्ये डॉन फेदरस्टोन या शिकलेल्या शिल्पकाराने १९५७ मध्ये तो घडवला, मासिकातले फोटो समोर ठेवून. विक्री जोडीनेच व्हायची: एकाची मान ताठ, दुसरा चोच खाली घालून चरणारा. जोडी तीन डॉलरच्या आत मिळायची. महायुद्धानंतर एकाच नकाशाची घरं रांगेने उभी राहत होती, आणि कामगाराच्या घरालाही स्वतःची खूण हवी होती. ती हौस इतकी स्वस्त झाली, हे मला फार मोलाचं वाटतं. पुढे उच्चभ्रूंनी त्याला हिणकस ठरवलं. पण विस्कॉन्सिनच्या मॅडिसनमध्ये १९७९ साली विद्यार्थ्यांनी विद्यापीठाच्या टेकडीवर हजारावर फ्लेमिंगो रोवले, आणि २००९ मध्ये त्या शहराने प्लास्टिकच्या फ्लेमिंगोलाच आपला अधिकृत पक्षी केलं.

एखाद्या सकाळी तुमच्याच अंगणात असा थवा उभा दिसला तर घाबरू नका. शाळेसाठी किंवा चर्चसाठी निधी गोळा करण्याची ही इथली रीत आहे. थोडी देणगी द्या, थवा पुढच्या घरी जातो.

तुम्हाला स्वतःला अंगणात काही मांडायचं असेल, तुळशीवृंदावनसुद्धा, तर आधी तुमच्या वसाहतीतल्या घरमालकांच्या संघटनेचे (एचओए) नियम वाचा. संघटना नसेल तर प्रश्न नाही, पण असेल तर काही ठिकाणी पुढच्या अंगणात शोभेच्या वस्तू चालत नाहीत. मागच्या अंगणाबद्दल विचारा, आणि परवानगी लेखी घ्या.

तुळस मात्र कुंडीतच लावा आणि कुंडी वृंदावनात ठेवा. सप्टेंबर सरताना, पहिलं हिव पडायच्या आत, ती घरात दक्षिणेकडच्या खिडकीपाशी आणा. आमचं रिकामं वृंदावन बघून त्या आजींनीच विचारलं होतं, "झाड कुठे गेलं?" मी त्यांना आत बोलावून तुळस दाखवली.