विमानामागची पांढरी रेघ घड्याळ लावून कशी बघावी

आकाशात खूप उंचावरून जेट विमान गेलं की मागे जी पांढरी रेघ उमटते, तो धूर नसतो. बर्फाचे बारीक कण असतात. एक किलो विमान-इंधन जळलं की साधारण सव्वा किलो पाणी वाफेच्या रूपात बाहेर पडतं. महाबळेश्वरला डिसेंबरच्या पहाटे तोंडातून वाफ दिसते, तसंच हे. फरक इतकाच, की दहा-अकरा किलोमीटर उंचीवर हवा उणे ४० अंशांच्या आसपास किंवा त्याहून थंड असते. त्यामुळे वाफ इंजिनातून निघालेल्या काजळीच्या कणांवर थेंब होऊन बसते आणि क्षणात गोठते. हे कोणत्या तापमानाला घडतं याचं गणित जर्मनीत एर्न्स्ट श्मिट यांनी १९४१ मध्ये मांडलं आणि अमेरिकेत हर्बर्ट ॲपलमन यांनी १९५३ मध्ये पुढे नेलं. तेव्हा काळजी लष्करी होती, कारण रेघेमुळे बॉम्बफेकी विमान शत्रूला लांबून दिसायचं. आता तीच रेघ हवामानबदलाच्या हिशोबात आली आहे.

हा हिशोब गच्चीवरून बराचसा समजून घेता येतो. त्यासाठी आकाशात किती रेघा आहेत ते मोजत बसू नका. एकेक रेघ किती वेळ टिकते ते बघा. सामान म्हणजे घड्याळ, वही आणि विमानांचा माग दाखवणारं फ्लाइटरडार२४ सारखं एखादं ॲप. दुर्बीण असेल तर उत्तम, पण ती सूर्याच्या आसपास रोखू नका.

१. विमान निवडा

उतरणारी-चढणारी विमानं सोडून द्या. पावसाळी हवेत धावपट्टीजवळ पंखांवरून पांढरे झोत निघताना दिसतात, ते दाब कमी झाल्यामुळे निघतात आणि लगेच विरतात; त्यांचा इथे संबंध नाही. आपल्याला हवी आहेत ती डोक्यावरून थेट पुढे जाणारी. आखाती देश आणि आग्नेय आशिया यांच्यामधली अशी बरीच वाहतूक आपल्या भागावरून जाते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे महिने सोयीचे, कारण आकाश मोकळं असतं.

रेघ दिसली नाही तर हिरमुसू नका. आपण विषुववृत्ताच्या बऱ्यापैकी जवळ असल्याने ३४,००० फुटांवरची हवा युरोपातल्या त्याच उंचीवरच्या हवेपेक्षा उबदार असते. म्हणून आपल्याकडे रेघ दिसते ती बहुधा जास्त उंचीवरच्या विमानांची. लंडन-फ्रँकफर्टकडचे मराठी वाचक या बाबतीत नशीबवान आहेत.

२. आधी शेपटाची सुरुवात बघा

दुर्बिणीतून पाहिलं तर विमान आणि रेघ यांच्यात थोडी मोकळी जागा दिसेल. इंजिनातला गरम वायू बाहेरच्या हवेत मिसळून पुरेसा थंड व्हायला तेवढा अवकाश लागतो. दोन इंजिनं असतील तर दोन रेघा निघतात, चार असतील तर चार, आणि थोड्याच अंतरावर त्या एकमेकींत गुंततात. हे सगळं झटपट टिपून पुढे जा.

३. घड्याळ लावा

खरं काम हे. रेघेचा एक ठरावीक तुकडा धरा, शक्यतो झाडाच्या शेंड्यावरचा किंवा टाकीच्या कोपऱ्यावरचा, आणि वेळ मोजायला लागा. वारा रेघेला सरकवेल, तर नजर तुकड्यावर ठेवा, झाडावर नाही.

तो तुकडा मिनिटा-दोन मिनिटांत पुसला गेला, तर वरची हवा कोरडी आहे. बर्फ थेट वाफ होऊन संपला. अशा रेघेचा हवामानावर परिणाम नगण्य. रेघ टिकली, रुंदावली, कडा पिंजल्यासारख्या झाल्या, तर त्या थरात हवा बर्फाच्या दृष्टीने वाफेने ओतप्रोत भरलेली आहे, म्हणजे तिथे बर्फ विरण्याऐवजी वाढतो. मग विमानाने सोडलेलं पाणी निमित्तमात्र ठरतं आणि हवेतलीच वाफ त्या कणांवर जमत राहते. दहा मिनिटं टिकलेल्या रेघेला जागतिक हवामान संघटनेच्या मेघसंग्रहात २०१७ पासून ढगाचाच दर्जा आहे, ‘सिरस होमोजेनिटस’ म्हणजे माणसामुळे तयार झालेला तंतुमेघ. म्हणून दहा मिनिटांचा आकडा लक्षात ठेवायचा.

रुंदी मोजायची असेल तर हात पूर्ण लांब करून करंगळी आकाशाला धरा. करंगळीने साधारण एक अंश झाकला जातो. विमान बरोबर डोक्यावर आणि ३५,००० फुटांवर असेल तर एक करंगळी म्हणजे १८५ मीटरच्या आसपास. क्षितिजाकडे हा हिशोब फसतो.

४. वरच्या हवेची नोंद काढा

ही पायरी थोडी किचकट आहे, पण मला सगळ्यात आवडती. भारतीय हवामान खातं मुंबई, नागपूर, गोवा अशा ठिकाणांहून उपकरणं बांधलेले फुगे सोडतं. पहाटे आणि संध्याकाळी साडेपाचच्या त्यांच्या नोंदी वायोमिंग विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. मुंबईचा केंद्र क्रमांक ४३००३, नागपूरचा ४२८६७.

तक्त्यात उंचीबरोबर हवेचा दाब दिलेला असतो. ॲपमध्ये दिसणारी विमानाची उंचीही दाबावरूनच काढलेली असते, त्यामुळे जोडी सहज लागते. ३०० हेक्टोपास्कल (हे दाबाचं एकक) म्हणजे ३०,००० फूट, २५० म्हणजे ३४,०००, २०० म्हणजे ३८,७०० च्या आसपास. त्या ओळीतलं तापमान वहीत लिहा.

आर्द्रतेचा रकाना मात्र जपून वाचा. तो आकडा पाण्याच्या तुलनेत असतो, बर्फाच्या नाही. उणे ४५ अंशांना तक्त्यात ६५ टक्के दिसत असतील तर बर्फाच्या दृष्टीने हवा भरलेलीच आहे. शिवाय इतक्या थंडीत आर्द्रता मोजणं फुग्यावरच्या यंत्राला जड जातं. तक्ता एक सांगतोय आणि रेघ दुसरं, असं झालं तर मी रेघेवर विश्वास ठेवेन.

५. दिवस की रात्र, ते लिहा

रेघेचा ढग दोन कामं करतो. सूर्यप्रकाशाचा थोडा भाग परत पाठवतो आणि जमिनीकडून वर जाणारी उष्णता अडवतो. दिवसा या दोन्हींची ओढाताण चालते. सूर्य मावळला की पहिलं काम थांबतं आणि फक्त उष्णता अडवणं उरतं. म्हणून संध्याकाळी उशिरा उमटलेली, टिकणारी रेघ वहीत ठळक करा.

सगळा हिशोब जुळवला की पारडं तापवण्याच्या बाजूला झुकतं. २०२१ च्या एका मोठ्या आढाव्यानुसार २०१८ साली या रेघांपासून बनलेल्या ढगांचा पृथ्वी तापवण्यातला वाटा दर चौरस मीटरला सुमारे ५७ मिलिवॅट होता. विमानांनी १९४० पासून सोडलेल्या कार्बन डायऑक्साइडचा वाटा ३४. पण ५७ च्या मागे-पुढे १७ ते ९८ अशी ऐसपैस मर्यादा आहे, आणि ढग काही तासांत विरतो तर कार्बन डायऑक्साइड शतकानुशतकं राहतो. ‘रेघा इंधनापेक्षा वाईट’ असा मथळा त्यामुळे अर्धवट आहे.

तसाच दुसरा किस्सा ११ सप्टेंबर २००१ नंतरचा. अमेरिकेत तीन दिवस विमानं बंद होती, तेव्हा दिवस-रात्रीच्या तापमानातला फरक वाढल्याचं २००२ मध्ये प्रसिद्ध झालं. पुढच्या अभ्यासांनी ते श्रेय त्या दिवसांतल्या नेहमीच्या हवामानाला आणि ढगांना दिलं. किस्सा सांगायला छान आहे. पुरावा म्हणून मी तो वापरणार नाही.

६. जोडी शोधा

एकाच वेळी दोन विमानं दिसली आणि एकामागे लांबलचक रेघ, दुसऱ्यामागे काहीच नाही, तर दोघांची उंची ॲपमध्ये लगेच बघा. बहुतेकदा काही हजार फुटांचा फरक निघेल. दमट थर अनेकदा काहीशे मीटरच जाड असतात. विमानातून मुद्दाम रसायनं फवारतात अशा व्हॉट्सॲपवरच्या गप्पांना ही जोडी पुरेसं उत्तर आहे.

रेघा टाळण्याचे प्रयोगही याच फरकावर उभे आहेत. जपानच्या हवाई हद्दीतल्या २०२० च्या अभ्यासात जेमतेम २.२ टक्के उड्डाणांकडे रेघांच्या ८० टक्के परिणामाचं खापर आलं. म्हणजे सगळ्यांनी मार्ग बदलायची गरज नाही. गूगल आणि अमेरिकन एअरलाइन्सने २०२३ मध्ये जाहीर केलेल्या चाचणीत ७० उड्डाणांच्या वैमानिकांनी अंदाज पाहून उंची थोडी बदलली. रेघा ५४ टक्क्यांनी घटल्या, वळसा घेतलेल्या विमानांना सुमारे दोन टक्के इंधन जास्त लागलं. कमी काजळीच्या इंधनाचा दुसरा रस्ताही आहे. काजळी कमी झाली की बर्फकण कमी होतात, हे नासा आणि जर्मन संशोधकांनी विमानामागे विमान उडवून मोजलं आहे.

वहीत रकाने एवढेच ठेवा: तारीख, वेळ, उंची, तापमान, रेघ किती मिनिटं टिकली, सूर्य होता की नव्हता. रेघ न दिसलेली विमानंही लिहा. तुलना त्यांच्याशीच करायची आहे.