विंदा वाचायचेत पण सुरुवात कुठून करू? माझी पद्धत सांगतो

विंदा करंदीकर म्हटलं की आपल्याकडे बहुतेकांना शाळेतली 'देणाऱ्याने देत जावे' तेवढी आठवते आणि मग कुणीतरी ज्ञानपीठवालं पुस्तक म्हणून थेट 'अष्टदर्शने' विकत आणतं, दहा पानं वाचतं आणि पुस्तक कपाटात जातं ते कायमचं. मीही तेच केलेलं. म्हणून पहिली गोष्ट, अष्टदर्शनेपासून सुरुवात करू नका!

आधी माणूस थोडा माहीत करून घ्या, फार नाही, पाच मिनिटं पुरेत. गोविंद विनायक करंदीकर, जन्म 23 ऑगस्ट 1918, देवगड तालुक्यातलं धालवली गाव. म्हणजे कोकणातला माणूस, शिक्षण कोल्हापूरला, हैदराबाद मुक्तीच्या लढ्यात तुरुंगवास, आणि पोटापाण्याचं काम काय तर इंग्रजी शिकवणं, मुंबईत सायनच्या एसआयईएस कॉलेजातही ते इंग्रजीचेच प्राध्यापक होते. वर्गात शेक्सपिअर आणि घरी येऊन मराठी कविता, हे डोक्यात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता वाचायला घ्या, पण डोळ्यांनी नको, मोठ्याने. विंदा, वसंत बापट आणि मंगेश पाडगावकर हे तिघं कवी गावोगाव कवितावाचन करत हिंडले, त्यामुळे या कवितेला कान लागतात. 'तेच ते' घ्या, रोजच्या रहाटगाडग्याचा कंटाळा शब्द परत परत आपटून कसा आणलाय ते तोंडाने म्हटल्याशिवाय कळतच नाही. मग 'झपताल'. झपताल म्हणजे दहा मात्रांचा ताल, धी ना धी धी ना ती ना धी धी ना, आणि कवितेत पहाटेपासून झपाझपा वावरणारी घरातली बाई. नाव वाचून आधी हसू येतं आणि दुसऱ्यांदा वाचताना आपल्याच आईकडे बघायची सोय राहत नाही. तिसरी 'धोंड्या न्हावी'. या तीन जमल्या की तुम्ही आत आलात.

कुठला संग्रह घ्यायचा हा प्रश्न येतोच. क्रम असा आहे: स्वेदगंगा 1949, मृद्गंध 1954, धृपद 1959, जातक 1968, विरूपिका 1981. सगळे एकदम घ्यायची गरज नाही, पाडगावकरांनी निवडलेल्या कवितांचं 'संहिता' लायब्ररीत मिळालं तर तेच घ्या. स्वेदगंगेतला आवाज मोठा आहे, क्रांती वगैरे, काहींना आज जरा भाषणबाजी वाटेल, मलाही वाटते कधीकधी, पण ती टाळून पुढे गेलात तर नंतरचा माणूस किती बदलला ते दिसणार नाही. घरात लहान मूल असेल तर मात्र हे सगळं राहू दे, 'एटू लोकांचा देश' आणा आणि रात्री झोपताना वाचा, खरं सांगू का मला तर तेच विंदा सगळ्यात जास्त आवडतात.

आता प्राध्यापकाकडे वळा. हा भाग लोक सोडून देतात आणि तिथेच चुकतात. ॲरिस्टॉटलचं काव्यशास्त्र त्यांनी 1957 मध्ये मराठीत आणलं, जर्मन कवी गटेच्या फाउस्ट नाटकाचा पहिला भाग 1965 मध्ये, शेक्सपिअरचा राजा लिअर 1974 मध्ये. लिअर वाचताना एक युक्ती करा, मूळ इंग्रजी शेजारी उघडं ठेवा आणि फक्त वादळातला म्हाताऱ्याचा प्रवेश ओळीला ओळ लावून बघा, दोन संध्याकाळी जातील पण मराठी क्रियापदात किती ताकद आहे ते समजेल. आणि हाच माणूस उलट्या दिशेनेही गेलाय बरं का, ज्ञानेश्वरांचा अमृतानुभव त्यांनी आजच्या मराठीत आणला. इंग्रजीचा मास्तर म्हणून मराठीशी सावत्रपणा, असला काही प्रकार नाही. सुनीत, म्हणजे चौदा ओळींचं सॉनेट, आपल्याकडे इंग्रजीतून आलं, यांनी ते मोडून मुक्त सुनीत केलं.

एवढं झालं की मग अष्टदर्शने (2003). सात पाश्चात्त्य तत्त्वज्ञ, देकार्त, स्पिनोझा, कांट वगैरे, आणि आठवा आपला चार्वाक. विषय परदेशी आणि चाल आपल्या ओवी-अभंगाच्या वळणाची, त्यामुळे हेही मोठ्यानेच वाचा. मी चार्वाकापासून उलटं वाचलं, दिवसाला एकच दर्शन, आणि त्या तत्त्वज्ञाबद्दल आधी विकिपीडियावर दोन परिच्छेद, नाहीतर डोक्यावरून जातं. 2003 चं ज्ञानपीठ विंदांना मिळालं, पण ते एका पुस्तकासाठी नाही, एकूण लेखनासाठी. मराठीत खांडेकर, कुसुमाग्रज, विंदा आणि नेमाडे अशी चार ज्ञानपीठं आहेत आणि त्यातले शेवटचे दोघं इंग्रजीचे प्राध्यापक, गंमतच आहे ना.

विंदा 14 मार्च 2010 ला गेले. आयुष्याबद्दल अजून हवं असेल तर त्यांच्या पत्नी सुमा करंदीकरांचं 'रास' वाचा, आणि समीक्षेची आवड असेल तर विजया राजाध्यक्षांचं 'बहुपेडी विंदा', पण ते शेवटी. आधी 'झपताल' म्हणा, शेजारच्या खोलीत ऐकू जाईल एवढ्या आवाजात.