गोड-खारी बिस्किट टॉफी घरी करताना या चुका टाळा

ट्रेमध्ये खारी बिस्किटं मांडायची, वरून बटर-साखरेचा उकळता पाक ओतायचा, त्यावर चॉकलेट आणि भाजलेले शेंगदाणे, गार झाली की हातानं तोडायची. एवढीच ही टॉफी आहे आणि म्हणूनच सगळ्यांना वाटतं की यात बिघडण्यासारखं काय आहे. पण बिघडते, कधी दाताला चिकटते, कधी बटर सुटून वर तरंगतं, कधी साखर परत रवाळ होऊन बसते, कधी चॉकलेटचा थर पापुद्र्यासारखा निघून येतो. मग लोक सामानाला दोष देतात, बटर दुसरं घ्यायला हवं होतं, साखर जाड होती वगैरे. सामान बहुतेक वेळा बरोबरच असतं हो, चुकतं ते आच आणि तापमान.

आधी माप सांगते. एका साधारण ९ बाय १३ इंची ट्रेला मीठवालं बटर २०० ग्रॅम, म्हणजे १०० ग्रॅमचे दोन पॅक, साखर पण २०० ग्रॅम, पाणी तीन टेबलस्पून, लिक्विड ग्लुकोज एक टेबलस्पून, मोनॅकोसारखी खारी बिस्किटं ३५ ते ४०, डार्क कंपाउंड चॉकलेट (कोको बटरऐवजी वनस्पती तेलाचं) २०० ग्रॅम आणि अर्धी-पाऊण वाटी शेंगदाणे. बटर आणि साखर वजनाला सारखी, हे पक्कं धरा, बटर वाचवायचं म्हणून दीडशेवर आणलंत तर ती टॉफी राहत नाही, चिक्कीच्या बाजूला जाते.

सगळ्यात मोठी चूक ही, की रेसिपीत "तीन मिनिटं उकळा" लिहिलेलं असतं आणि आपण घड्याळ लावून तीन मिनिटांनी गॅस बंद करतो. ही मूळची परदेशातली रेसिपी आहे, तिथे बटर आणि ब्राऊन शुगर तीन मिनिटं उकळून बिस्किटांवर ओततात आणि मग तो पूर्ण ट्रे गरम ओव्हनमध्ये पाच ते दहा मिनिटं ठेवतात, खरा पाक तिथे होतो. आपल्याकडे बऱ्याच घरी ओव्हन नाही, मग ओव्हनची पायरी गाळली जाते, मिनिटं मात्र तीनच राहतात, आणि टॉफी रात्रभर ठेवली तरी चिवटच. ओव्हन नसेल तर पाक गॅसवरच शेवटपर्यंत न्यायला लागतो, १४८ ते १५० डिग्री सेल्सिअसपर्यंत, दुसरा इलाज नाही.

यामागचं कारण समजून घेतलं की अर्धे प्रश्न तिथेच सुटतात. पाक जसजसा तापतो तसतसं त्यातलं पाणी उडत जातं, ११२ ते ११६ डिग्रीला थेंब गार पाण्यात टाकला की मऊ गोळी होते, तेव्हा त्यात साधारण ८५ टक्के साखर आणि बाकी पाणी असतं. १२१ ते १३० ला घट्ट गोळी, १३२ ते १४३ ला पाक गार पाण्यात ताठ होतो पण अजून वाकतो, आणि १४९ च्या पुढे कटकन तुटतो, तेव्हा पाणी उरलेलं असतं जेमतेम एक टक्का. टॉफी चिवट राहिली म्हणजे पाणी शिल्लक राहिलं, इतकं सरळ आहे. फ्रिजमध्ये ठेवून ती कडक वाटते, पण बाहेर काढली की परत तेच.

थर्मामीटर घेतला असेल तर तो आधी उकळत्या पाण्यात बुडवून बघा. सोलापूर समुद्रसपाटीपासून साधारण साडेचारशे मीटरवर आहे, त्यामुळे आपल्याकडे पाणी शंभरला नाही, साडेअठ्ठ्याण्णवच्या आसपास उकळतं. तुमच्या थर्मामीटरवर शंभरपेक्षा जितका आकडा कमी दिसेल तितकाच पाकाच्या आकड्यातून पण कमी करा, म्हणजे दीड डिग्री कमी दिसलं तर १५० च्या जागी साडे-१४८ ला थांबायचं. यंत्रात थोडा फरक असला तरी तो पण यातच धरला जातो. आणि थर्मामीटरचं टोक पातेल्याच्या बुडाला टेकवू नका, बुडाचं तापमान वेगळं, पाकाचं वेगळं.

थर्मामीटर नसला म्हणून अडत नाही, आपल्या आया-आज्या चिक्कीचा पाक कशाने मोजायच्या? एका वाटीत गार पाणी घ्या, त्यात पाकाचे दोन थेंब टाका, दोन-चार सेकंदांनी काढून वाकवून बघा. वाकला, ताणला गेला, तर अजून वेळ आहे. कट्ट आवाज करत तुटला आणि दाताखाली चिकटला नाही तर झाला. ही टेस्ट करताना गॅस एकदम बारीक करा किंवा पातेलं खाली घ्या, कारण शेवटी शेवटी तापमान भराभर चढतं आणि तुम्ही वाटीत बघत बसता तोवर इकडे पाक करपतो. रंग पण बघत राहा, भाजलेल्या बदामाचा रंग आला की बस, त्याच्या पुढे कडू. करपून धूर आला असेल तर तो पाक टाकूनच द्या, वरून कितीही चॉकलेट लावलं तरी कडूपणा लपत नाही.

आता दुसरी तक्रार, आणि ही मला सगळ्यात जास्त ऐकू येते. शेजारची सूनबाई परवा फोनवर म्हणाली, "काकू, बटर वेगळंच झालं की ओ, खाली साखरेचा गोळा आणि वर नुसतं तेल!" मी पहिलं विचारलं, "गॅस मोठा केलतीस का मधेच?" तर हो. बटरमध्ये साधारण ८० टक्के फॅट असतं आणि बाकीचं मुख्यतः पाणी, हे फॅट साखरेच्या पाकात एकजीव होऊन राहायला आच एकसारखी लागते. घाई करून आच वाढवली, किंवा पातळ बुडाचं पातेलं असलं की एका जागी जास्त तापतं, किंवा ढवळायचं सोडून कुणी दार उघडायला गेलं, की बटर साथ सोडतं. जाड बुडाचं स्टीलचं पातेलं घ्या, मध्यम ते बारीक आच ठेवा, सुरुवातीला बटर आणि साखर दोन्ही पूर्ण विरघळेपर्यंत बारीकच, आणि लाकडी उलथण्यानं सावकाश पण न थांबता हलवत राहा. दणादण फेटायचं नाही, त्यानं पण फुटतं. काळ्या नॉनस्टिकमध्ये तर करूच नका, रंग कळत नाही.

फुटलंच तर टाकून देऊ नका मात्र. आच बारीक करा, कडकडीत गरम पाणी एक टेबलस्पून घाला, लांबून घाला कारण वाफ उसळते, आणि हलवत राहा, नाही जुळलं तर अजून एक टेबलस्पून. बऱ्याचदा जुळून येतं, नंतर ते पाणी परत उडवायला लागतं एवढंच. गार पाणी घातलं तर अजून फुटेल.

साखर रवाळ होते त्याचं कारण वेगळं आहे. पातेल्याच्या कडेला उडालेले साखरेचे कण वाळतात, त्यातला एक जरी परत पाकात पडला तरी त्याला धरून बाकीची साखर दाणे धरायला लागते. म्हणून कडा ओल्या ब्रशनं खाली पुसून घ्या, आणि लिक्विड ग्लुकोज वगळू नका, केकचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतं. नसेलच तर लिंबाचे सात-आठ थेंब, आंबटपणामुळे थोडी साखर फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होते आणि ती दाणे धरू देत नाही. जास्त लिंबू नको, मग टॉफी हवेतलं पाणी ओढते. याच कारणानं गूळ पण सांभाळून, साध्या गुळाची टॉफी चटकन पाझरते आणि लवकर करपते पण. गुळाचा स्वाद पाहिजेच असेल तर चिक्कीचा गूळ आणा आणि साखरेच्या पाव हिश्श्याइतकाच बदला.

मिठाचं म्हणाल तर बटरमध्ये मीठ, बिस्किटांवर मीठ, आणि रेसिपीत परत "अर्धा चमचा मीठ", हे आपल्याकडे खारट होतं, कारण बाहेरच्या पुष्कळ रेसिपी बिनमिठाच्या बटरवर लिहिलेल्या असतात. पाकात मीठ घालूच नका. खडेमीठ जाडसर कुटून चॉकलेट अर्धवट सेट झाल्यावर दोन चिमटी वर टाका, गरम चॉकलेटवर टाकलं तर बुडून जातं आणि जिभेला लागत नाही.

शेंगदाण्याच्या बाबतीत आपण सोलापूरकर नशीबवान, शेंगाचटणीच्या गावात चांगला दाणा शोधायला लागत नाही. तरी एक दाणा खाऊन बघा, खवट निघाला तर सगळी टॉफी खवट लागेल. मंद आचेवर खमंग भाजा, सालं काढा, जाडसर कुटा आणि कोमट असतानाच वापरा. फ्रिजमधले गार दाणे पाकात टाकले की पाक तिथल्या तिथे आळून गोळा होतो.

ट्रेला फॉइल लावत असाल तर सुरकुत्या पडू देऊ नका, पाक त्यात शिरतो आणि फॉइलचे तुकडे टॉफीत अडकतात. बाजारात बटर पेपर म्हणून मेणाचा कागद पण विकतात, तो गरम पाकानं चिकटतो, बेकिंगचाच मागून घ्या आणि वर तुपाचा हात फिरवा. बिस्किटं ताजी, कुरकुरीत, एकमेकांना खेटून, मऊ पडलेली असतील तर तव्यावर जरा शेकून गार करून घ्या.

पाक ओतल्यावर चॉकलेट कधी घालायचं यावर तो थर चिकटणार का नाही हे ठरतं. उकळी शमली, की दोन मिनिटांत, टॉफी गरम असतानाच चिरलेलं चॉकलेट पसरा, पाच मिनिटं झाकून ठेवा आणि मग उलथण्यानं सारखं करा. त्याआधी वर बटरचा तवंग दिसला तर टिश्यूनं हलकेच टिपून घ्या, तेलकट जागेवर चॉकलेट धरत नाही. उलथणं कोरडं पाहिजे, पाण्याचा एक थेंब चॉकलेटला घट्ट करून टाकतो. मी कंपाउंड सांगितलं कारण खऱ्या चॉकलेटमधलं कोको बटर ३४ डिग्रीच्या आसपास वितळतं, आणि आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा चाळीसच्या वर असतो. कंपाउंड पण वितळतं, पण जरा तग धरतं आणि त्याला टेम्परिंग, म्हणजे ठरावीक तापमानाला वितळवून गार करणं, लागत नाही. चवीला खरं चॉकलेटच भारी, ते जानेवारीत वापरा, सिद्धेश्वराच्या गड्डा यात्रेच्या दिवसांत हवा थंड आणि कोरडी असते, या टॉफीला त्याच्यासारखा सीझन नाही.

पोरांना हा पाक करताना ओट्यापासून लांब ठेवा. दीडशे डिग्रीचा पाक उकळत्या पाण्यापेक्षा कितीतरी वाईट भाजतो, कारण तो कातडीला चिकटून बसतो. अंगावर पडलाच तर लगेच नळाच्या गार वाहत्या पाण्याखाली वीस मिनिटं धरा, टूथपेस्ट, हळद, बर्फ काही लावू नका, आणि फोड मोठा असला तर डॉक्टरकडे.

ठेवायचं म्हणजे पूर्ण गार झाल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात, थरांमध्ये बटर पेपर घालून. तशीच उघडी फ्रिजमध्ये ठेवलीत तर बाहेर काढताना तिच्यावर पाणी धरतं आणि ती चिकट होते, उन्हाळ्यात फ्रिजला पर्याय नसेल तर डबा बंदच ठेवून बाहेर काढा आणि अर्ध्या तासानं उघडा. पावसाळी दमट हवेत शक्यतो करूच नका. आणि ओव्हन असेल, चॉकलेट अजून घातलेलं नसेल आणि टॉफी मऊ राहिलीय असं वाटलं, तर ट्रे १७५ डिग्रीला आठ-दहा मिनिटं परत आत घाला, सगळीकडे बुडबुडे येऊ देत. चॉकलेट घालून झालं असेल तर मात्र ती तशीच बारीक चिरून व्हॅनिला आइस्क्रीमवर घाला, मऊ टॉफी तिथे फार छान लागते.