गायरान वाटलं गेलं? फेरफाराशी नव्हे, मूळ आदेशाशी भांडा

तीस वर्षं तलाठी होतो. आता त्या पदाला ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण गावात अजून तलाठीच. निवृत्त झालो तरी लोक कागदांच्या पिशव्या घेऊन ओसरीवर येतात.

मागच्या पोळ्याआधी चौघं आले. गावच्या ई-क्लासातली (बाकी महाराष्ट्रात गायरान म्हणतात ती) दोन हेक्टर जमीन एका संस्थेला दिली गेलेली. यांनी फेरफाराविरुद्ध प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) अपील केलं, दीड वर्ष तारखा केल्या आणि हरले. हरणारच होते. फेरफार ही जमिनीच्या हक्कातला बदल टिपणारी नुसती नोंद. जमीन दिली ती कलेक्टरच्या आदेशानं, आणि त्या आदेशाला कुणी हातच लावला नव्हता.

म्हणून आधी तो आदेश शोधा. फेरफाराच्या मजकुरात त्याचा क्रमांक आणि तारीख असते. माहिती अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करून आदेशासोबत पूर्ण संचिका मागा, कार्यालयातल्या टिपणीसकट. खरा माल टिपणीत असतो. खालच्या कारकुनानं ‘सदर जमीन गुरचरणाची आहे’ असं लिहिलेलं असतं आणि दोन पानं पुढं ते वाक्य गायब होतं. मोकापंचनाम्यावर (जागेवर जाऊन केलेल्या पाहणीवर) सह्या कुणाच्या, हरकती मागवणारा जाहीरनामा कधी निघाला, ग्रामसभेचा ठराव आहे की नुसतं सरपंचाचं पत्र, हे सगळं तिथंच सापडतं.

मग जमिनीची जात बघा. सातबारावर ‘सरकार’ एवढंच वाचून थांबू नका. गाव नमुना १-अ मध्ये वनजमीन असते, १-ब मध्ये बिनभोगवट्याची, म्हणजे कुणाला न दिलेली सरकारी. आमच्या विदर्भात निस्तारपत्रक (चराई, सरपण अशा गावाच्या हक्कांची नोंद) आणि वाजिब-उल-अर्जही (गावच्या वहिवाटींची नोंद) काढा. नोंद वन किंवा झुडपी जंगल निघाली तर प्रकरणाचा रंगच बदलतो. पुण्यात कोंढवा बुद्रुकला ११.८९ हेक्टर जमीन १९९८ मध्ये शेतीसाठी म्हणून दिली, पुढच्याच वर्षी ती गृहनिर्माण संस्थेला विकायची परवानगीही दिली. १५ मे २०२५ ला सुप्रीम कोर्टानं दोन्ही बेकायदा ठरवलं, कारण १८७९ च्या अधिसूचनेनं ती राखीव वन होती. जुना कागद असा उपयोगी पडतो.

गायरान असेल तर जमीन महसूल संहितेचं कलम २२-अ (गायरान दुसऱ्या वापराला वळवण्यावर बंदी), १२ जुलै २०११ चा शासन निर्णय आणि त्यामागचा गावच्या सामायिक जमिनी वाचवणारा जगपाल सिंग खटल्याचा सुप्रीम कोर्टाचा २८ जानेवारी २०११ चा निकाल, हे तीन आधार. ‘संस्था राजकारण्याची आहे’ हा मुद्दा चावडीवर चालतो, कोर्टात नाही. जाहिरात न देता, इतर कुणाला संधी न देता जमीन दिली, हे मात्र चालतं. भोपाळमध्ये एका न्यासाला अशीच दिलेली २० एकर सुप्रीम कोर्टानं २०११ मध्येच रद्द केली होती.

कुठं जायचं? कलेक्टरचा आदेश असेल तर त्याच संहितेच्या कलम २४७ खाली विभागीय आयुक्तांकडे अपील, मुदत ९० दिवस. प्रांत-तहसीलदारांचा असेल तर ६० दिवस. आदेश थेट शासनाचा असेल तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्ट, आम्हाला नागपूर खंडपीठ. अपिलाची वाट मोकळी असताना थेट हायकोर्टात गेलात तर पहिला प्रश्न हाच येतो की तिकडं का गेला नाहीत. अपिलासोबत स्थगितीचा वेगळा अर्ज द्याच. नुसत्या अपिलानं जेसीबी थांबत नाही. आणि ज्याला जमीन मिळाली त्याला प्रतिवादी करा. त्याचं ऐकून न घेता आदेश रद्द झाला तर तो वरच्या कोर्टात टिकत नाही.

अर्जदार कोण, हेही पारखून घ्या. त्या चौघांसमोर मी गाव नमुना १-इ उघडला, अतिक्रमणांचा. त्यातल्या एकाचाच गोठा त्याच गायरानावर निघाला! भला माणूस, पण समोरच्या वकिलाला आयतंच कोलीत. त्याला साक्षीला ठेवलं, अर्जात नाही.

उशीर झाला असेल तर विलंबमाफीचा अर्ज करता येतो. त्यात तारीखवार कारण लिहा. ‘अज्ञानामुळे’ हा शब्द मी शंभर अर्जांत वाचला, कामी आलेला फारसा पाहिला नाही. त्या चौघांनी दीड वर्ष प्रांताकडे घालवलं, तेच कारण आम्ही तारखांसकट मांडलं.

आणि आदेशाची नक्कल मिळाली की पान उलटून मागचा शिक्का बघा. अर्ज केल्याची आणि नक्कल तयार झाल्याची अशा दोन तारखा असतात. मधले दिवस मुदतीतून वगळले जातात. शिक्का पुसट असेल तर खिडकीवरून हलू नका, दुसरा मारून घ्या.