गोष्ट नसलेली शॉर्टफिल्म करायचीय? पावसातच करा

स्क्रिप्ट लागतेच हे आधी डोक्यातून काढा. एकच ओळ लिहा, आणि ती विषयाची नको, कारण "एकटेपणा" लिहिलं की रिकामी खुर्ची, बंद घड्याळ, पिंजऱ्यातला पोपट हे सगळं आपसूक येतं. हालचाल लिहा. "पाणी वरून खाली येतं", बास.

आता गोव्यात जून-जुलैमध्ये ह्याला काय तोटा, पागोळ्या आहेत, चिऱ्याच्या भिंतीवरचे ओघळ आहेत, मांडवी नदीतल्या दिवाडी बेटाची फेरीबोट आहे. फेरीचा रॅम्प धाडकन टेकतो, स्कूटर चढतात आणि चाकांचं लाल पाणी लोखंडावरून परत नदीत जातं, हे जवळून घ्या, फ्रेममध्ये फक्त लोखंड आणि चाकं. चेहरा आला की बघणारा विचारणार हा कोण, कुठे चाललाय, आणि झाली गोष्ट सुरू!

मोबाइल चालतो, पण फोकस आणि एक्स्पोजर (म्हणजे उजेडाचं प्रमाण) लॉक करा नाहीतर ढग सरकला की शॉटमध्येच उजेड वरखाली होतो. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद ठेवा, आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे घरातल्या ट्यूबलाइटखाली पट्टे येत नाहीत. प्रत्येक शॉट बराच वेळ चालू ठेवा, कॅमेरा हलवू नका. ड्रोन नकोच, टुरिझमची जाहिरात होते.

खरी मजा एडिटला. जोरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन ह्या डच दिग्दर्शकांची १९२९ ची 'रेन' ही शॉर्टफिल्म बघा, साधारण १२ मिनिटं, अॅमस्टरडॅममधला पाऊस, हिरो नाही काही नाही. शूट कित्येक महिने चाललं पण पडद्यावर एकच सर आल्यासारखी वाटते. म्हणजे तुम्हालाही सगळं एका दिवसात उरकायची गरज नाही. शॉट जोडताना "पुढे काय झालं" विचारू नका, आकार बघा, डबक्यातलं वलय, मग वरून दिसणारी छत्री, मग स्कूटरचं चाक. किंवा उजेड जुळवा, जुन्या घरातल्या शिंपल्यांच्या खिडकीतून येतो तो दुधी उजेड आणि त्याला लागून मांडवीवरचं धुकं. हे सगळं म्यूट करून करायचं, आवाज असला की वाईट कटसुद्धा बरा वाटतो.

मित्रांना दाखवलीत तर "कळली का" विचारू नका, कुठला शॉट आठवतो ते विचारा, ज्याचं कोणी नावच काढत नाही तो उडवा.

आवाज शेवटी, आणि वेगळा रेकॉर्ड करून. कौलांवरचा पाऊस आणि पत्र्यावरचा पाऊस वेगळा वाजतो, दोन्ही घ्या. फेरीच्या इंजिनाची घरघर खिडकीच्या शॉटवर टाकून बघा. उदास पियानो मात्र कृपया नको.