शिमग्यात पालखी नाचवताना

ग्रामदेवतेची पालखी नाचवायची तयारी रूपे, म्हणजे देवांचे मुखवटे, पालखीत लावतानाच सुरू होते. रूपे बसवली की सुती कापडाने घट्ट आवळा आणि पालखी दोन्ही बाजूंना कलवून पाहा. काही हलले तर पुन्हा बांधा. ढिली गाठ नाचात आणखी सुटते.

पुढचा आणि मागचा भोई शक्यतो एका उंचीचे घ्या. उंचीत फरक असला की पालखी कलते आणि गिरकी घेताना तोल जातो. गुडघे किंचित वाकवून ताशाच्या लयीत पावले टाका, एक हात दांडीवरच ठेवा. खांदा बदलताना नवा माणूस आधी दांडीखाली शिरतो, मगच जुना बाहेर पडतो. अंगणातल्या विजेच्या तारा उजेडातच बघून ठेवा.

खरी कसोटी मानाची. पालखी कुणाच्या दारी आधी जाते, यात गावातली सत्ता सगळ्यांसमोर दिसते. म्हणूनच मानपानाचे वाद कोर्टापर्यंत जातात. घरांचा क्रम होळीआधीच्या गावबैठकीत ठरवा, वहीत लिहा, मानकऱ्यांच्या सह्या घ्या. एखादी वाडी आजवर वगळली गेली असेल, तर तिला त्याच बैठकीत बोलवा. पालखी सहाणेवरून, म्हणजे ती बसवतात त्या चौथऱ्यावरून, उठल्यावर हा विषय काढला, तर ढोलांच्या गजरात कुणी कुणाचे ऐकत नाही.